सुतासारखा सरळ रस्ता

१

त्या दिवशी वाटेत तळं आडवं आलं होतं आणि आम्ही दोघी सकाळपासून ट्रकच्या केबिनमध्ये बसून होतो.

तळं आडवं येण्यात नवल काही नव्हतं. पठार तसंच आहे. परवा जिथे चढ होता तिथे आज उतार. गेल्या खेपेला डावीकडे टाकलेली टेकडी या खेपेला थेट समोर येऊन बसलेली, रस्ता जसा काही तिच्या बापाचा. कधी वाटेला फाटे फुटतात, आपण तासभर डोकं खाजवून एक निवडावा, तर सगळे जाऊन एकाच दगडाशी मिळतात. पठाराच्या अलीकडे काचेचा कारखाना, पलीकडे शहर. शहरात इमारतींवर इमारती उठतायत, त्यांना खिडक्या हव्यात, आणि मधून दुसरी वाट नाही. म्हणून ट्रक जातात. असं का होतं हे कुणी विचारत नाही. घाटात धुकं असतं, पठारावर हे असतं. धुकं विरायची वाट बघावी तशी टेकडी उठून जायची वाट बघायची, आणि पोचायला उशीर झाला की दोन्हीकडच्यांच्या शिव्या खायच्या.

ट्रक आधी आमचे हे चालवायचे. त्यांची पाठ धरली ती सुटेना, तेव्हा मी स्टिअरिंग हातात घेतलं. मालकांनी जरा खळखळ केली, पण पठारावर जायला दुसरं कुणी तयार होईना, म्हणून गप्प बसले. क्लिनर म्हणून माझ्याबरोबर माझ्या नणंदबाई. ह्यांच्याहून मोठ्या, लग्न केलं नाही, कुणाचं ऐकून घ्यायची सवय नाही. मी त्यांना वन्सं म्हणते. त्या मला वहिनी म्हणतात, आणि ते ‘वहिनी’ कधी लाडाने म्हटलेलं मला आठवत नाही.

घरातून निघतानाच आमची जुंपली होती. घर म्हणजे दोन खोल्या. त्यात सासूबाई, आम्ही दोघं, थोरली आणि धाकटा, शिवाय वन्सं. स्वयंपाकघरातला ओटा सासूबाईंच्या उंचीचा आणि मी ताडासारखी, त्यामुळे मी गेली कित्येक वर्षं वाकून उभी आहे. सकाळी डबा भरताना वन्संनी माझ्या कोपराखालून हात घालून पातेलं उचललं, माझ्या हाताला चटका बसला, आणि त्या उलट मलाच म्हणाल्या, “किती जागा अडवतेस गं!”

ते माझ्या डोक्यात होतं. समोर तळं. ऊन केबिनच्या टपावर बसून होतं. पाणी हलेना, आम्हीही हललो नाही.

“मला ना वन्सं, एक घर हवंय,” मी म्हणाले. “माझं एकटीचं.”

“झालं सुरू.”

“दगडी. फार मोठं नको. ओटा हा इथपर्यंत.” मी माझ्या कमरेच्या वर हात धरून दाखवला. “ओट्यावर एवढी मोठी खिडकी. काच चांगली, आरपार दिसणारी. पिशवी अडकवायला दाराशी खुंटी, तिच्यावर दुसऱ्या कुणाचं काही लटकणार नाही. आणि दाराला आतून कडी.”

“आणि आम्ही गं?”

“या की. पाहुण्या म्हणून या. दार वाजवून.”

वन्सं माझ्याकडे बघतच राहिल्या. एरवी त्यांनी फाडकन काहीतरी सुनावलं असतं. त्या दिवशी नुसतं म्हणाल्या, “दार वाजवून. बरं बाई.” आणि काचेतून बाहेर बघायला लागल्या.

मला लगेच वाईट वाटलं. पण माघार घ्यायची सवय मलाही नाही. मी पुढे बघितलं तर तळं नव्हतं. कधी गेलं ते दोघींनीही पाहिलं नाही. त्याच्या जागी रस्ता होता, कोरडा, सुतासारखा सरळ, थेट शहराच्या धुरापर्यंत दिसणारा.

२

शहरात गोदामावर माल उतरवताना एक तावदान कमी भरलं.

आमची काच उभी नेतात. लाकडी चौकटीत खाचा, खाचेत तावदान, दोन तावदानांच्या मध्ये पेंढा. एका खाचेत काहीच नव्हतं. दोन्ही बाजूंचा पेंढा जसाच्या तसा उभा होता, मधे तावदानाएवढी फट. फुटलं असतं तर चुरा असता. कुणी काढलं असतं तर पेंढा सांडला असता.

“काच काय वाफ होऊन जाते का हो?” व्यापारी म्हणाला.

“मला काय विचारता? मी पदरात बांधून नेली?”

पुढच्या खेपेला पुन्हा एक खाच रिकामी. त्याच्या पुढच्या खेपेला दोन. आणि रस्ता प्रत्येक वेळी तसाच, सरळ. ना टेकडी, ना तळं, ना फाटा. आम्ही सकाळी निघायचो आणि दुपारच्या चहाला शहरात. असं कुणाचंच कधी झालं नव्हतं. बाकीचे ट्रक त्याच पठारावर दिवसदिवस अडकत होते.

मी मालकांकडे गेले. काचा कमी भरतायत म्हणाले. रस्ताही ठीक वाटत नाही म्हणाले.

“ठीक वाटत नाही म्हणजे?”

“सरळ आहे.”

मालक हसले. आजवर मला त्यांनी कधी खुर्ची दिली नव्हती, त्या दिवशी दिली. “अहो ड्रायव्हरीणबाई, लोक सरळ रस्त्यासाठी नवस बोलतात. एखाददुसरी काच जाते, जाऊ दे. भरणाऱ्या पोरांचा घोळ असेल. तुमच्या हाताला गुण आहे. आता आठवड्याला एक खेप वाढवू.”

काच गेल्याचं मला तितकं लागलं नाही. ती कशी गेली हे कुणालाच जाणून घ्यायचं नव्हतं, त्याने माझं डोकं फिरलं. पुढच्या वेळी मी भरताना स्वतः उभी राहिले. खाच न् खाच हाताने चाचपली. ताडपत्री मीच ओढली, दोर मीच बांधला. शहरात पोचल्यावर तो दोर मीच सोडला. गाठ माझीच होती. दोन खाचा रिकाम्या होत्या.

“तुझी नजर लागते काचांना,” वन्सं म्हणाल्या.

मी त्यांच्याशी दिवसभर बोलले नाही.

३

मग उजव्या हाताला जोतं दिसलं.

रस्त्यापासून थोडं आत, मोकळ्या माळावर. दगडी, चौकोनी, पुढे दोन पायऱ्या. मी गाडी हळू केली.

“कुणीतरी बांधतंय,” वन्सं म्हणाल्या.

“पठारावर? उद्या ते जोतं उठून शहराकडे चालायला लागेल.”

“मग त्याचं तो बघेल. तू गाडी हाक.”

मी हाकली. पण डोळे मागेच राहिले. तिथे वाळूचा ढीग नव्हता, पाण्याचं पिंप नव्हतं, गवंडी नव्हता, गवतावर कुणाच्या पायाची वाट पडलेली नव्हती.

पुढच्या खेपेला भिंती गुडघ्याएवढ्या होत्या. त्याच्या पुढच्या खेपेला खांद्याएवढ्या. मी मुद्दाम थांबले आणि इंजिन बंद केलं. तेव्हा आवाज आला. गवंडी दगड बसवताना करणीच्या मुठीने हलकेच ठोकतात तसा. टक, टक, मग थोडं थांबून टक. भिंतीच्या पलीकडून. मी खाली उतरले, तशी ठोकठोक थांबली. घराला वळसा घातला. पलीकडे कुणी नव्हतं. केबिनमध्ये येऊन बसले, दार ओढलं, पुन्हा टक, टक.

“ऐकलंत?”

“इंजिन गार होताना वाजतं,” वन्सं म्हणाल्या. पण त्यांनी केबिनची काच वर केली.

मी स्वतःची समजूत घालत राहिले. काम करणारे जेवायला गेले असतील. ओळखीच्या रस्त्यावर आपलं लक्ष नसतं, तेवढ्यात भिंती चढतात. माणसाला वाटलं की सगळ्याला कारण सापडतं. मी कारणं शोधली आणि गाडी चालवली.

छप्पर चढलं त्या दिवशी मात्र मला खिडकीचं भोक दिसलं. रुंद होतं, आणि वेगळ्याच उंचीवर. एवढ्या वर खिडकी कुणी ठेवत नाही. माझ्यासारखी उंच बाई ओट्याशी सरळ उभी राहिली तर तिच्या डोळ्यांसमोर यावी, बरोबर तिथे ती होती.

तेव्हा मला तळं आठवलं, आणि मी तोंडाने काय काय मागितलं होतं तेही.

४

घरी येऊन ह्यांना सांगितलं. हे पलंगावर उताणे, पाठीखाली गरम पाण्याची पिशवी.

“म्हणजे पठार तुला घर बांधून देतंय,” हे म्हणाले.

“हसू नका.”

“हसत नाही. मी इतकी वर्षं त्या वाटेवर घातली. मला एक झाडाची सावली धड मिळाली नाही. तुला घर!”

“दगडमाती त्याची त्याच्याकडे आहे. काच नाहीये. म्हणून आपल्या गाडीतून काढतंय.”

आता मात्र हे खरंच हसले आणि पाठीत कळ आली म्हणून विव्हळले. स्वयंपाकघरातून सासूबाई म्हणाल्या, “काय गं केलंस त्याला?”

मी म्हटलं, आपण ही खेप सोडू. दुसऱ्या मार्गावर जाऊ, दुसऱ्या कुणाचा माल नेऊ. हे म्हणाले, सरळ रस्ता मिळतोय तर तोंड वेंगाडू नकोस. सासूबाई म्हणाल्या, उन्हातून आलीस, पाणी पी. धाकट्याने विचारलं, त्या घरात मला वेगळी खोली आहे का. मी त्याच्यावर खेकसले. थोरली त्याला घेऊन बाहेर गेली. वन्सं दारात उभ्या राहून सगळं ऐकत होत्या, त्यांनी एका शब्दानेही माझी बाजू घेतली नाही. त्यांनी तर ते घर डोळ्यांनी पाहिलं होतं.

“तुम्ही तरी बोला की!” मी ओरडले.

“काय बोलू? कुणीतरी घर बांधतंय. पठारावर बांधू नये असा कायदा आहे का?” मग त्या म्हणाल्या, “आणि असलं तुझंच तर बरंच आहे. इथे निदान पातेलं उचलायला जागा होईल.”

मी वाकून भांडी घासत राहिले. घरात सगळ्यांना ऐकू येत होतं, आणि माझं कुणीच ऐकत नव्हतं.

५

पुढच्या खेपेला खिडक्यांना काचा बसलेल्या होत्या.

ऊन त्यांच्यावर असं चमकत होतं की लांबूनच कळलं. जवळ आल्यावर कोपऱ्यात कारखान्याची निळी चिठ्ठीही दिसली. बसवणाऱ्याने ती काढलीसुद्धा नव्हती.

“अगं, ह्या आपल्या काचा!” वन्सं ताडकन म्हणाल्या. “थांबव. थांबव म्हणते ना!”

“नको वन्सं.”

“नको काय? तिकडे तो व्यापारी आपल्याला चोर समजतो. कोण आहे ते मला बघू दे.”

मी त्यांचा दंड धरला. त्यांनी तो झटकला. आयुष्यात कुणी धरून ठेवलेलं त्यांना चाललेलं नाही. गाडी पुरती थांबायच्या आत त्या उतरल्या आणि पदर खोचून तरातरा निघाल्या. मी इंजिन चालूच ठेवलं. वाटलं, चार शिव्या देतील आणि येतील. त्या पायऱ्या चढल्या. दारासमोर उभ्या राहिल्या. मला वाटलं होतं, त्या दार ढकलतील. त्यांनी दार वाजवलं.

दार उघडलं. कुणी उघडलं ते दिसलं नाही. वन्सं आत गेल्या, दार लागलं, आणि इंजिनाच्या आवाजातही मला आतली कडी सरकलेली ऐकू आली.

मी वाट बघितली. किती, सांगता येणार नाही. हॉर्न दिला. कुणी आलं नाही. मग सीटखालची चाक खोलायची टॉमी घेतली आणि उतरले. दाराशी गेले नाही. दाराला हात लावायची माझी हिंमत झाली नाही. खिडकीकडे गेले. खिडकी माझ्या उंचीची होती, टाचा उंचवाव्या लागल्या नाहीत.

आत स्वयंपाकघर. स्वच्छ, उजेडाचं. दाराजवळ खुंटी, तिला एक पिशवी. वन्सं भिंतीशी स्टुलावर बसलेल्या, हात मांडीवर, पाहुणी बसते तशा. आणि हसत होत्या. माझ्याशी बोलताना त्या तशा कधी हसलेल्या मी पाहिल्या नव्हत्या.

त्या कोपऱ्याकडे बघून हसत होत्या. तिकडे ओटा वळत होता आणि खिडकीतून मला सगळा दिसत नव्हता. एक कोपर दिसत होतं, बाही वर सारलेली. मग तिथे उभी होती ती जराशी इकडे सरकली आणि पाठ दिसली. उंच बाई. केसांचा बुचडा मी बांधते तसाच, एका बाजूला ढळलेला. ओटा तिला बरोबर होता, त्यामुळे ती अगदी ताठ उभी होती. मी माझी पाठ अशी ताठ कधी पाहिलेली नाही, पण ती माझी होती हे मला कळलं.

मी काचेवर थाप मारली. “वन्सं! चला!”

वन्संनी मान वळवून माझ्याकडे पाहिलं. आपल्या खिडकीशी कुणी अनोळखी येऊन डोकावलं की आपण बघतो ना, तसं. मग पुन्हा कोपऱ्याकडे वळल्या. काचेतून आवाज बारीक आला, पण शब्द न् शब्द कळला.

“वहिनी, कोण गं ती बाहेर?”

इतक्या मायेने ‘वहिनी’.

ओट्याशी उभी होती ती हातातलं ठेवून वळायला लागली. मला तिचा कान दिसला, गालाची कड दिसली. त्यापुढचं मला बघायचं नव्हतं. मी टॉमी उचलली आणि काचेवर घातली.

सगळी काच खाली आली तेव्हा ओट्याशी कुणी नव्हतं. मी चौकटीतून आत झुकले, वन्संच्या दंडाला धरलं आणि ओढलं. त्या किंचाळल्या. दोघींचेही हात कापले. कशी बाहेर काढली, कशी ट्रकमध्ये कोंबली, मला आठवत नाही. गाडी उलटी वळवली तेव्हा त्यांचं पहिलं वाक्य ऐकलं.

“अहो बाई, वेड लागलंय का तुम्हाला? लोकांच्या घराच्या काचा काय फोडता?”

६

परतताना पठाराने आमचे हाल केले. टेकड्या, फाटे, दलदल, सगळं परत आलं. खरं सांगते, मला बरं वाटलं. माल पोचला नाही म्हणून मालकांनी खुर्ची काढून घेतली, त्याचंही काही वाटलं नाही. मला वाटलं, सुटलो.

घरी वन्संनी सगळ्यांना ओळखलं. सासूबाईंना, ह्यांना, मुलांना. ओळखलं नाही ते फक्त मला.

“वहिनी तिकडेच राहिली,” त्यांनी जखमेवर पट्टी बांधून घेता घेता सांगितलं. पट्टी मीच बांधत होते. “घर छान आहे तिचं. ह्या बाईंनी मला आणून सोडलं. जरा तापट आहेत, पण मनाने चांगल्या असाव्यात.”

हे आधी हसले. मग हसायचे थांबले. डॉक्टर आले, म्हणाले धक्का बसलाय, आराम द्या, येईल हळूहळू ताळ्यावर. सासूबाईंनी मला बाजूला घेऊन विचारलं, “तू काही बोललीस का तिला?”

मी काय सांगणार? बोलले तर होतेच.

दिवस गेले. वन्सं आता माझ्याशी भांडेनात. मी ओट्याशी आले की लगबगीने बाजूला होत. “या, या. करा तुम्ही.” मी मुद्दाम त्यांच्या जागेवर माझी पिशवी टाकायचे, त्या तिची घडी घालून नीट ठेवायच्या. मी एकदा त्यांच्या हाताला खरोखरच पातेल्याचा चटका लावला. “असू द्या हो, होतं असं,” त्या म्हणाल्या. मी त्यांना गदागदा हलवलं. म्हटलं, वन्सं, शिवी द्या मला, वाटेल ते बोला, पण तुम्ही-तुम्ही करू नका! त्यांनी माझा हात हळूच सोडवला आणि ह्यांच्याकडे वळून बारीक आवाजात विचारलं, “ह्या बाई किती दिवस आहेत अजून?”

एक दिवस दुपारी बघते तर त्या पिशवी भरून उंबऱ्यात बसलेल्या. वहिनीने बोलावलंय म्हणाल्या. त्या खिडकीला नवी काच बसली म्हणे.

“कुणी सांगितलं?”

“सांगायला कशाला हवं?”

त्यांना आतल्या खोलीत नेऊन दाराला बाहेरून कुलूप घातलं आणि मी ह्यांच्यापुढे उभी राहिले. म्हटलं, आता हसायचं नाही. आता तुम्ही माझ्याबरोबर यायचं आणि स्वतःच्या डोळ्यांनी बघायचं. मग आपण दोघं मिळून ते घर पाडू.

७

हे कमरेला पट्टा आवळून शेजारी बसले. मागे पहारी घेतल्या होत्या. काच नव्हती, ट्रक रिकामा.

निघताना मी बजावलं, दार वाजवायचं नाही. आत जायचं नाही. कुणी काही विचारलं तर उत्तर द्यायचं नाही.

“बरं बाई, बरं.”

घर सापडेना. सकाळभर हिंडलो. टेकडी आली, तिला वळसा घातला, तर मागून तीच पुन्हा समोर. ओढा ओलांडला, तर पुढे परत तोच ओढा. ह्यांची पाठ प्रत्येक खड्ड्याला कळवळत होती. डिझेल उतरत चाललं. ऊन टपावर येऊन बसलं.

“नाहीये,” हे म्हणाले. “घर नाही, काही नाही. अक्काचं डोकं फिरलं, आणि तुझंही तिच्या नादाने.”

“मी फोडलेली काच? हा हात?”

“काच आपल्याच गाडीतली फुटली असेल. तुला घरी नको झालंय, हे मला दिसत नाही का? सरळ सांग की. घर म्हणे! पठार म्हणे!”

माझा बांध फुटला. मी गाडी थांबवली आणि ओरडले. ह्यांच्यावर नाही, समोरच्या मोकळ्या माळावर ओरडले. “मला नकोय ते घर! ऐकतोस ना? नकोय! मला माझाच तो बुटका ओटा हवाय. वन्संचं खेकसणं हवंय. माझ्या घरचं माणूस मला परत हवंय!”

हे चकित होऊन माझ्याकडे बघत होते. मग त्यांची नजर माझ्या खांद्यावरून पलीकडे गेली आणि तिथेच राहिली.

उजव्या हाताला घर होतं. खिडकीला अख्खी काच.

“अगं,” हे म्हणाले. नुसतं एवढंच. “अगं.”

मी म्हटलं, पाहिलंत ना? झालं. पहारी राहू देत, आपण जाऊ. पण त्यांनी दार उघडलं होतं. “लांबून बघतो. खिडकीतूनच. तू सांगितलेलं सगळं लक्षात आहे माझ्या.” त्यांच्या मागे जायचं की इंजिन चालू ठेवून बसायचं, हे माझं ठरेपर्यंत ते निम्म्या वाटेवर पोचले होते. एका हाताने कंबर धरून, लंगडत.

ते दाराकडे गेले नाहीत. सांगितल्यासारखं वागले, ह्याबद्दल मी आजही त्यांना दोष देत नाही. खिडकीशी उभे राहिले. पाठमोरे. हळूहळू त्यांचा कमरेवरचा हात खाली आला. मग ते सरळ झाले, अगदी ताठ, पाठ धरायच्या आधी उभे राहायचे तसे. मी त्यांच्यावर वैतागले की ते ज्या तऱ्हेने मान डोलवतात, हो हो, बरं बरं, तशी त्यांनी दोनदा डोलवली. आतून कुणीतरी त्यांना काहीतरी सांगत होतं आणि ते ऐकून घेत होते.

मी हॉर्नवर हात दाबून धरला. ते वळले. आणि आले. न लंगडता, भराभर पावलं टाकत, माझ्याकडे बघून ओळखीचं हसत. माझा जीव भांड्यात पडला. मी त्यांच्या बाजूचं दार आतून उघडलं.

ते पायरीवर एक पाय ठेवून थांबले.

“बसू का?” त्यांनी विचारलं.

मग सीटच्या कडेला बसले. दोन्ही हात गुडघ्यांवर. माझ्या अंगाला धक्का लागू नये इतपत अंतर ठेवून.

“माफ करा हं, ताई,” हे म्हणाले. “तुम्हाला उगाच ताटकळत ठेवलं. आमची ही एकदा बोलायला लागली की थांबत नाही.”

मी त्यांच्याकडे बघितलं नाही. समोर बघितलं. समोर टेकडी नव्हती, ओढा नव्हता. रस्ता होता, सुतासारखा.

“गावापर्यंत सोडाल ना?” हे म्हणाले. “मुलांना घेऊन यायचंय. त्यांच्या आईपाशीच बरी ती.”

मी गिअर टाकला. क्लच लवकर सुटला, इंजिन आचके देऊन बंद पडलं. पठारावर वाराही नव्हता. कशाचाच आवाज नव्हता. असं शांत, कान देऊन ऐकत असल्यासारखं, मी त्याला कधी पाहिलं नव्हतं.

अनोळखी माणसाशेजारी गप्प बसणं ह्यांना पहिल्यापासून जमत नाही. त्यांनी घसा खाकरला आणि साध्या सरळ चौकशीच्या सुरात विचारलं, “तुमच्या घरी कोण कोण असतं, ताई?”

थोरलीचं नाव माझ्या ओठांवर आलं होतं. मी तोंड घट्ट मिटलं, आणि किल्ली फिरवली.